फासा कुठे टाकायचा?

संगणकावरच्या खेळांबद्दल लिहायला घेतलं की आमच्याकडचे काही वाचक नाक मुरडतात. जत्रा, दशावतार, घुमट-आरती सोडून हे काय मध्येच, असं त्यांना वाटतं. त्यांना एवढंच सांगतो की आजचा खेळ गोळ्या झाडण्याचा किंवा गाड्या पळवण्याचा नाही. तो संसाराचा आहे. आपल्याकडे मुली (आणि लपूनछपून मुलगेही) भातुकली खेळतात ना, तसाच.

‘द सिम्स’ हे त्या खेळाचं नाव. फेब्रुवारी २००० मध्ये तो बाजारात आला. करणारा विल राइट हा अमेरिकन गृहस्थ. १९९१ साली ऑकलंडच्या डोंगराळ भागात मोठा वणवा पेटला, त्यात त्याचं घर गेलं. नव्यानं संसार मांडताना माणसाला नक्की कायकाय लागतं, कशावाचून अडतं आणि कशावाचून अडत नाही, याचा तो विचार करू लागला आणि त्यातून पुढे हा खेळ आला. खेळात जिंकणं-हरणं नाही. तुम्ही एक घर बांधायचं, त्यात माणसं ठेवायची आणि ती जगताना बघायची. त्यांना भूक लागते, झोप येते, कंटाळा येतो, आंघोळ करावीशी वाटते. वेळेवर जेवायला दिलं नाही तर हातवारे करून, कुणालाही न कळणाऱ्या भाषेत ती तुमच्याकडे तक्रार करतात.

आता गंमत अशी की या माणसांचे स्वभाव आपणच द्यायचे. पहिल्या खेळात नीटनेटकेपणा, मनमिळाऊपणा, उत्साह, खेळकरपणा आणि चांगुलपणा असे पाच रकाने होते आणि त्यांत वाटायला एकूण २५ गुण. ब्रह्मदेवालासुद्धा इतका हिशोबीपणा जमला नसेल! २००९ च्या तिसऱ्या खेळात रकाने गेले आणि ‘लक्षणं’ आली. मोठ्या माणसाला पाच लक्षणं निवडून द्यायची. कुणी पुस्तकवेडा, कुणी आळशी, कुणी तापट, कुणी प्रेमात वेडा होणारा. २०१४ च्या चौथ्या खेळात ती तीनवर आली. हा चौथा खेळ २०२२ च्या ऑक्टोबरपासून फुकट मिळू लागला, त्यामुळे आपल्याकडच्या ज्या मुलांच्या घरी असा खेळ विकत घेणं शक्य नव्हतं, त्यांच्याही हाती तो आला.

तर एकदा ही लक्षणं दिली की सहसा संपलं. आळशी म्हटला की तो म्हातारा होऊन मरेपर्यंत आळशी. तापट बाई नातवंडं झाली तरी तापटच. खेळणाऱ्यांना सुरुवातीला हे आवडतं, कारण सगळं आपल्या हातात असतं. पण महिनाभर खेळल्यावर एक प्रकारचा कंटाळा येतो. समोरचं माणूस पुढच्या क्षणी काय करणार हे आपल्याला आधीच ठाऊक असतं. करणाऱ्या कंपनीलाही हे कळत होतं. २०११ मध्ये तिसऱ्या खेळाला जोडलेल्या एका भागात मध्यमवयीन पात्रांना चक्क ‘मिडलाइफ क्रायसिस’ येऊ लागला. २०२३ मध्ये चौथ्या खेळाच्या एका भागात पात्राला ‘स्वतःचा शोध’ लागायची सोय आली. म्हणजे त्याच्या वागण्यावरून खेळ सुचवतो, की या माणसाचा स्वभाव बदलत चाललाय, बदलू का? खेळणाऱ्यानं हो म्हणायचं किंवा नको म्हणायचं. आता तुम्हीच सांगा, आपल्या घरातलं कुणी बदलण्याआधी असं विचारायला येतं काय?

ही अडचण मला सांगितली ती माझ्या भाचीनं. ती राहते सुरतेला, नवागाममध्ये. माझी धाकटी बहीण लग्न होऊन तिकडे गेली त्याला आता २६ वर्षं झाली. भावजी मूळचे धुळे जिल्ह्यातले. तरुणपणी दोन वर्षं इथं गोव्यात कामाला होते, तेव्हा हे लग्न जुळलं. गोव्यातल्या वाचकांना नवागाम कुठे हे सांगायला हवं. सुरत म्हटलं की आपल्याला शिवाजी महाराज आठवतात, नाहीतर साड्या आणि हिरे. पण शहराच्या उधना, लिंबायत, डिंडोली, नवागाम या भागात उतरलात तर कानावर मराठी पडेल आणि त्याहून जास्त अहिराणी. धुळे, नंदुरबार, जळगावहून माणसं उधना-जळगाव रेल्वेनं आली ती मागावर काम करायला, आणि राहिली. सुरत महापालिका मराठी माध्यमाच्या शाळा चालवते. श्रावणात नागपंचमीनंतरच्या रविवारी खानदेशी घरांत कानबाई बसते, रात्रभर गाणी होतात आणि सोमवारी वाजतगाजत विसर्जन होतं. नारळाला देवीचं रूप देऊन सजवतात, ते पाहून आपल्या गोवेकराला परकं वाटायचं कारणच नाही.

भाची घरात अहिराणी बोलते, माझ्याशी मराठी, गल्लीत गुजराती आणि कॉलेजात हिंदी. या चार भाषांच्या जोडीला तिनं पाचवी शिकून घेतली, ती संगणकाची पायथन. ‘सिम्स’च्या चौथ्या खेळात बाहेरच्या लोकांना आपापले बदल घालता येतात. त्याला ‘मॉड’ म्हणतात. पायथनमध्ये लिहायचं, ठरलेल्या फोल्डरमध्ये टाकायचं आणि खेळ तुमच्या मनाप्रमाणे वागू लागतो. जगभर हजारो लोक हौसेनं हे करतात.

तिचं पहिलं मॉड साधं होतं. खेळातल्या रोजच्या मध्यरात्री प्रत्येक पात्रासाठी संगणकानं १ ते १०० मधला एक आकडा काढायचा. तो ३ किंवा त्याहून कमी आला, तर त्या पात्राचं एक लक्षण काढून टाकायचं आणि दुसरं कुठलंही घालायचं. झालं! पुस्तकवेडा मास्तर सकाळी उठला तो पुस्तकांचा तिटकारा घेऊन. प्रेमळ आजी एका रात्रीत दुष्ट झाली. पहिले दोन दिवस भाची खूश होती. आठवडाभरानं मला फोनवर म्हणाली, “मामा, मजा गेली. आता कुणी बदललं तरी मला काहीच वाटत नाही. पाऊस आला, ऊन पडलं, तसं वाटतं.”

मला हे फार महत्त्वाचं वाटलं. ठरलेला स्वभाव कंटाळवाणा, म्हणून तिनं फासा टाकला. पण नुसत्या फाशानंही माणूस उभं राहिलं नाही. आधी ती पात्रं यंत्रासारखी होती, आता हवामानासारखी झाली. माणूस या दोहोंच्या मध्ये कुठेतरी असतो. मग प्रश्न उरतो तो असा, की फासा टाकायचा तर कुठे टाकायचा?

हा प्रश्न आपल्याकडे जुना आहे. सापशिडी तुम्ही सगळ्यांनी खेळली असेल. तिचं मूळ आपल्याकडचं, आणि मराठी परंपरा मोक्षपटाचं श्रेय ज्ञानेश्वरांना देते. गुजरातेत जैन घरांतून पर्युषणात ज्ञानबाजी खेळत, तोही त्याच कुळातला खेळ. इंग्रजांनी तो एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस तिकडे नेला, मुलांसाठी सोपा केला आणि परत आपल्यालाच विकला! जुन्या पटावरच्या घरांना नावं होती. शिडीच्या पायथ्याशी दया, भक्ती, विवेक असले गुण आणि सापाच्या तोंडाशी काम, क्रोध, मद, मत्सर. अनेक जुन्या पटांवर शिड्या कमी आणि साप जास्त असत, कारण चढण्यापेक्षा घसरणं सोपं हे आपल्या पूर्वजांना पक्कं माहीत होतं. वर वैकुंठ.

हा खेळसुद्धा आयुष्याचीच नक्कल. त्यातही दैव आहेच, कवड्या टाकल्याशिवाय सोंगटी हलत नाही. पण दैवाची जागा बघा. कवड्या फक्त एवढंच ठरवतात, की तुम्ही कुठल्या घरात पोचणार. घराचा नियम मात्र ठरलेला. मत्सराच्या घरातून वर जाता येत नाही, मग तुमची कवडी कितीही चांगली असो. भाचीच्या पहिल्या मॉडमध्ये उलटं झालं होतं. तिथं साप आणि शिड्याच रोज रात्री जागा बदलत होत्या. असा पट कोण खेळणार?

आमच्या पेडण्याकडचा, सिंधुदुर्गातला दशावतार घ्या. तिथं लिहिलेली संहिता नसते. नाटकाआधी मंडळी बसून कथा ठरवतात, कोण कुठलं पात्र करणार ते ठरतं आणि संवाद रंगमंचावर तिथल्या तिथं होतात. कालचं नाटक आज तसंच होत नाही. समोरचा नट काय उत्तर देईल हे दुसऱ्याला ठाऊक नसतं, म्हणून तर रात्रभर बसलेलं गाव जागं राहतं. पण उत्तर कितीही अचानक आलं तरी ते त्या पात्राचं असावं लागतं. राजाच्या तोंडी हुजऱ्याचं बोलणं आलं तर समोर बसलेली म्हातारी माणसं सोडत नाहीत. म्हणजे तिथंही सूट आहे, पण तिची जागा ठरलेली आहे.

हे सगळं मी भाचीला सांगितलं, तिनं ऐकून घेतलं. मग म्हणाली, “मामा, हे ठीक आहे. पण आमच्या पपांचं काय? ते तर अचानकच बदलले ना?”

तेव्हा कळलं, की ती इतके दिवस कुणाबद्दल बोलत होती.

भावजी म्हणजे बोलका माणूस. लग्नानंतर पहिल्या चवथीला आमच्याकडे आले तेव्हा माटोळीला बांधलेल्या एकेका फळाचं नाव विचारून त्याला अहिराणीत काय म्हणतात ते सांगत बसले होते. आमच्या आईला त्यांनी दोन दिवसांत जिंकलं. सुरतेत मागाला साचा म्हणतात आणि कारखान्याला खातं. अठराव्या वर्षी ते खात्यात शिरले, बारा-बारा तासांच्या पाळ्या केल्या आणि पुढे साचे दुरुस्त करणारे मास्तर झाले. घरी आले की दिवसभराच्या गमती सांगायचे, सगळ्यांची नक्कल करायचे. कानबाईच्या रात्री बायका गाणी म्हणायच्या आणि हे मध्येच खोट्या ओळी घुसडून सगळ्यांना हसवायचे.

२०२० च्या मार्चमध्ये टाळेबंदी आली आणि खाती बंद पडली. माणूस पहिल्यांदाच सलग दिवसच्या दिवस घरात बसला. त्या उन्हाळ्यानंतर भावजी बदलले. बोलणं कमी झालं. विचारावं एक, तर उत्तर भलतंच. दोघं जण हळू आवाजात बोलत असले की त्यांना वाटायचं आपल्याबद्दलच चाललंय, मग चिडायचे. दुकानात, बँकेत जायला नको म्हणू लागले. दुसऱ्या वर्षी कानबाईच्या रात्री आत गाणी चालू असताना ते बाहेर ओट्यावर एकटेच बसून राहिले. घरात प्रत्येकानं आपापलं कारण शोधलं. कुणी म्हणालं पैशाची चिंता, कुणी म्हणालं वय, कुणी म्हणालं करोनाची भीती डोक्यात बसली. सासूबाई देवऋषी बघू म्हणाल्या. बहीण मला फोनवर एवढंच म्हणाली, “दादा, घरात दुसराच कुणी माणूस राहतोय असं वाटतं.”

कारण निघालं ते कानात.

मागाच्या खात्याच्या आत तुम्ही कधी उभे राहिला असाल तर मला जास्त सांगायला नको. आवाज नुसता ऐकू येत नाही, तो छातीत शिरतो. ८५ डेसिबलच्या वरचा आवाज रोज आठ-आठ तास वर्षानुवर्षं ऐकणं कानाला घातक मानतात, आणि खात्यातला आवाज त्याच्या बराच वर असतो. कानाच्या आत शंखासारख्या नळीत बारीक केसांसारख्या पेशी असतात. त्या एकदा मेल्या की पुन्हा उगवत नाहीत. त्यातही आधी जातात त्या उंच पट्टीचे, साधारण ४००० हर्ट्झच्या आसपासचे आवाज टिपणाऱ्या. त्यामुळे माणूस बहिरा झालाय हे कुणालाच कळत नाही, त्याला स्वतःलाही नाही. दार वाजलेलं ऐकू येतं, गाडीचा हॉर्न ऐकू येतो, कुणीतरी बोलतंय हेही कळतं. पण ‘स’, ‘श’, ‘फ’, ‘थ’ असली व्यंजनं गळून पडतात. आवाज येतो आणि शब्द येत नाही. बायकांचा आणि मुलांचा आवाज तर आणखी कठीण.

मग इतकी वर्षं चाललं कसं? तर ओठांवर. खात्यात कुणीच कानानं बोलत नाही, ओठ आणि हात बघून बोलतात. इंग्लंडमधल्या लँकेशायरच्या कापड गिरण्यांत बायकांनी तर ओठ मोठे हलवून बोलायची एक वेगळी तऱ्हाच तयार केली होती, तिला त्या ‘मी-मॉइंग’ म्हणत. भावजी वीस-पंचवीस वर्षं ओठ वाचत होते, त्यांच्या नकळत. म्हणून तर नकला इतक्या हुबेहूब जमायच्या! आणि २०२० मध्ये सगळ्या जगानं तोंडावर मास्क बांधला. दुकानदार, बँकेतला कारकून, दारात आलेला पाहुणा, सगळ्यांचे ओठ एका आठवड्यात दिसेनासे झाले. त्यातच दिवसभर घरात, पाठमोऱ्या बायकोचं बोलणं, आतल्या खोलीतून मारलेली मुलीची हाक. पुन्हा पुन्हा “काय म्हणालीस?” विचारायची लाज वाटू लागली आणि माणूस गप्प झाला.

बदल एका उन्हाळ्यात दिसला. कारण पंचवीस वर्षं साचत होतं.

भाचीनं दुसरं मॉड लिहिलं ते यानंतर. त्यात तिनं रोजचा फासा काढून टाकला. त्याऐवजी प्रत्येक पात्राच्या आत एक लपवलेला हिशोब ठेवला. एकटं जेवलं, की त्यात थोडी भर. रात्रपाळी केली, की भर. कुणी अपमान केला, की भर. कुणी जवळ येऊन बसलं, की थोडी वजाबाकी. हा हिशोब खेळणाऱ्याला कुठेच दिसत नाही. तो एका हद्दीपलीकडे गेला की लक्षण बदलतं, आणि तेही न सांगता. पडद्यावर सूचना येत नाही, हो-नको विचारलं जात नाही. फासा तिनं एकदाच टाकला, पात्र जन्माला येताना, ही हद्द प्रत्येकासाठी वेगळी ठरवण्यासाठी. कुणी दहा अपमानांनी मोडतो, कुणी हजारांनीही मोडत नाही. ते आपल्या हातात नाही आणि आपल्याला आधी कळतही नाही. दैवाला तिनं एवढी एकच जागा दिली.

मला ही जागा बरोबर वाटते. असा खेळ खेळताना बदल अचानकच येतो, अंदाज करता येत नाही. पण मागे वळून बघितलं तर धागा सापडतो. तिनं सांगितलं की पहिल्या मॉडमध्ये पात्र बदललं की ती पुढे बघायची, आता हा काय करणार? दुसऱ्यात ती मागे बघते. याला झालं काय होतं? मी कुठे लक्ष दिलं नाही?

शास्त्रज्ञही साधारण हेच सांगतात. स्वभाव दगडावरची रेघ आहे असं आपण समजतो. २००६ मध्ये ९२ दीर्घकालीन अभ्यास एकत्र करून केलेली एक मोठी पाहणी प्रसिद्ध झाली. तीत दिसलं, की माणसं तरुणपणानंतरही बदलत राहतात, सरासरीनं अधिक जबाबदार आणि मनानं अधिक स्थिर होत जातात. हा बदल इतका सावकाश असतो की जवळच्यांना तो कळत नाही. २०१३ मध्ये आणखी एक अभ्यास आला, १९ हजारांहून जास्त लोकांचा. गेल्या दहा वर्षांत तुम्ही किती बदललात, असं विचारलं तर लोक म्हणाले, खूप. पुढच्या दहा वर्षांत किती बदलाल, असं विचारलं तर म्हणाले, फारसं नाही. अठरा वर्षांचा पोरगा असो की साठी उलटलेला गृहस्थ, प्रत्येकाला वाटतं की बदलायचं होतं तेवढं बदलून झालं! सिम्समध्ये लक्षणं देऊन आपण ‘झालं’ म्हणतो, तसंच स्वतःच्या बाबतीतही म्हणतो.

आता गोव्यातलंच एक उदाहरण सांगतो, म्हणजे हे सगळं सुरतेचं आणि संगणकाचं वाटायला नको. साखवाळचे धर्मानंद कोसंबी. जन्म १८७६ चा. नारळाच्या बागायतीत लक्ष घालणारा, फारसं शाळेचं शिक्षण न मिळालेला, लहान वयात लग्न झालेला तरुण. १८९९ च्या अखेरीस हा माणूस घर सोडून निघाला. मागे पत्नी बाळाबाई आणि तान्ही मुलगी. पुणे, ग्वाल्हेर, काशी, नेपाळ करत तो सिंहलद्वीपाला पोचला आणि बौद्ध धर्म शिकला. पुढे हार्वर्डमध्ये पाली ग्रंथांचं काम केलं, १९२० च्या दशकात अहमदाबादला गुजरात विद्यापीठात शिकवलं आणि १९४७ च्या जूनमध्ये सेवाग्रामला उपोषण करून देह ठेवला. साखवाळच्या शेजाऱ्यांना विचारलं असतं, तर त्यांनी काय सांगितलं असतं? डोकं फिरलं, एवढंच. एका रात्रीत माणूस बदलला.

पण त्यांचं ‘निवेदन’ हे आत्मचरित्र वाचा. १९२४ साली आलं. त्यात तो लपलेला हिशोब त्यांनी स्वतःच उघडून दाखवला आहे. ‘बालबोध’ मासिकात बुद्धाचं चरित्र त्यांनी घर सोडण्याच्या दोनेक वर्षं आधी वाचलं होतं. ज्ञानाची भूक, घरच्या कटकटी, मनाची घालमेल, हे सगळं साठत होतं. शेवटी हद्द ओलांडली गेली. आतून बघितलं तर सगळं सरळ दिसतं. बाहेरून बघितलं तर वीज पडल्यासारखं.

मला मात्र राहून राहून बाळाबाईंचं मन कळावंसं वाटतं. १८९९ च्या त्या डिसेंबरात साखवाळच्या घरात एक तरुण बाई तान्ही पोर घेऊन बसली आहे. तिला ना ‘निवेदन’ वाचायला मिळणार होतं, ना तो हिशोब दिसणार होता. १९०६ मध्ये नवरा गोव्यात परत आला, पुन्हा संसार झाला, १९०७ मध्ये दामोदर जन्मले, ज्यांना आपण इतिहासकार आणि गणिती डी. डी. कोसंबी म्हणून ओळखतो. पण मधली ती सहा-सात वर्षं? त्या वर्षांचं निवेदन लिहायला कुणी नव्हतं.

भाचीच्या दुसऱ्या मॉडमध्येही हीच उणीव आहे आणि ती तिला दिसते. पात्र बदलतं, पण भोवतालची पात्रं त्या बदलाला नीट उत्तर देत नाहीत. काल गप्प झालेल्या नवऱ्याशी बायको आजही तेच विनोद करत राहते, त्याच सुरात. खरं तर बदलाचा निम्मा भार आजूबाजूच्यांवर पडतो. ती आधी चिडतात, मग कारणं शोधतात, बहुतेक चुकीची. मग हळूहळू नव्या माणसाशी जुळवून घेतात, नाहीतर दुरावतात. हे कसं लिहायचं, यावर ती सध्या अडली आहे. प्रत्येक पात्रानं दुसऱ्याबद्दल एक अंदाज बाळगावा आणि तो अंदाज बऱ्याचदा चुकावा, असं तिच्या डोक्यात आहे. संगणकाला चुकीचा समज करून घ्यायला शिकवणं फार अवघड असतं म्हणे. माणसांना ते न शिकवता येतं!

भावजींना आता दोन्ही कानांत यंत्र आहे. गेलेलं ऐकणं परत येत नाही, यंत्रानं उरलेल्याला आधार मिळतो. पहिले काही आठवडे त्यांना पातेल्यावर पळी लागल्याचा आवाजही सहन व्हायचा नाही. आता बोलतात, पण पूर्वीसारखी बडबड नाही. समोरच्याचं पूर्ण ऐकून घेतात, मग बोलतात. बहीण म्हणते, “जुना माणूस परत नाही आला दादा. पण हा कोण आहे ते आता मला ठाऊक आहे.” गेल्या कानबाईला ते आत बसले होते. खोट्या ओळी घुसडल्या नाहीत. गाणी ऐकत होते आणि मध्येच एका बाईला थांबवून विचारलं, हा शब्द असा आहे होय? इतकी वर्षं ते तिसराच शब्द ऐकत आले होते.

तेव्हा मंडळी, संगणकाच्या खेळावरून निघालेल्या या लांबड गोष्टीतून घेण्यासारखं एक अगदी व्यवहारी सांगून ठेवतो. घरातलं कुणी अचानक बदललं, अबोल झालं, संशयी झालं, भलतीच उत्तरं देऊ लागलं, तर देवऋषी, पत्रिका आणि वयाचा दोष या सगळ्याच्या आधी कान तपासून घ्या. त्यात विशेषतः ज्यांनी आयुष्य यंत्रांच्या आवाजात काढलं आहे त्यांचे. आमच्याकडे खाणींवर, बार्जवर, गोदीत काम केलेले किती तरी काका-मामा आज ओट्यांवर गप्प बसलेले दिसतात. त्यांचा स्वभाव कधीपासून असा झाला, कुणी विचारलंय?